जामीन हा मुळात माणूस आहे

गोरेगावच्या एका वाचकांचा प्रश्न: बातम्यांत कधी ‘जामीन फेटाळला’ म्हणतात, कधी ‘जामीन रद्द केला’. दोन्ही एकच ना?

एकच कसं असेल! फेटाळतात तो अर्ज. आत असलेला आतच राहतो. रद्द होतो तो मिळालेला जामीन. बाहेर आलेला पुन्हा आत जातो. परवाच लोकलमध्ये शेजाऱ्याच्या मोबाइलवर ऐकलं, ‘जामीन फेटाळल्याने आरोपी पुन्हा तुरुंगात’. अहो, फेटाळला तर बाहेर आला कधी?

पण खरी गंमत ‘जामीन’ शब्दात आहे. हा कागद नव्हे, माणूस. अरबी ‘ज़ामिन’ म्हणजे हमी घेणारा. जुन्या मराठीत हजर करण्याची हमी घेणारा तो हाजीरजामीन, पैशांची हमी घेणारा मालजामीन, वर्तणुकीची घेणारा फेलजामीन. हमीच्या कृतीला वेगळा शब्द होता, ‘ज़मानत’. हिंदीने तो ठेवला. आपण एकाच शब्दावर दोन्ही कामं भागवली, माणूस हळूहळू कागद झाला आणि मग माणसासाठी ‘जामीनदार’ घडवावा लागला. म्हणजे पिवळा पितांबरच! ‘मी त्याला जामीन राहिलो’ एवढ्या एका प्रयोगात जुना माणूस जिवंत आहे. किल्ला कोर्टाच्या व्हरांड्यात माझे मामा रेशनकार्ड आणि पगाराची स्लिप प्लास्टिकच्या पिशवीत घेऊन अर्धा दिवस बसले होते. आतून हाक आली, ‘जामीन कोण?’ मामा उभे राहिले. व्युत्पत्ती याहून स्वच्छ कुणी सांगितलेली नाही.

तरी एक विद्वान मित्र ‘जमीन गहाण टाकून सुटका, म्हणून जामीन’ असं व्याख्यानात ठोकून देतात. जमीन फारसी, जामीन अरबी. दोघांचं नातं शून्य. (लिहिताना ‘जामिनावर सुटला’, ‘जमिनीवर पडला’. ‘जमिनावर’ असं काही नसतं.) दुसरे जामीनऐवजी संस्कृत ‘प्रतिभू’ (हमी घेणारा) वापरा म्हणणारे. शब्द देखणा आहे, स्मृतिकार याज्ञवल्क्यानेही दर्शन (हजर करणं), प्रत्यय (भरवसा देणं) आणि दान (पैसे भरणं) असे हमीचे तीन प्रकार सांगितलेत. पहिला आणि तिसरा म्हणजे आपले हाजीरजामीन नि मालजामीनच. पण व्हरांड्यात ‘प्रतिभू कोण?’ असं विचारलं असतं तर मामा बसूनच राहिले असते.

हां, रद्द. अरबी ‘रद्द’ म्हणजे मागे फिरवणं, परत धाडणं. आपली ‘रद्दी’ त्याच घरची. ‘बातल’ म्हणजे मुळातच पोकळ. ‘रद्दबातल’ हा जोडशब्द वकील एका दमात उच्चारतात, पण माझं म्हणणं, तो सोडवावा. आरोपीने साक्षीदारांना धमकावलं, पुराव्याशी खेळ केला, पळायच्या बेतात असला, तर जामीन ‘रद्द’: दिला तेव्हा ठीक होता, पुढे माणसाने माती खाल्ली. पण खालच्या कोर्टाने महत्त्वाचं साहित्य डोळ्यांआड करून वेडावाकडा आदेश दिला असेल, तर तो ‘बातल’; तिथे आरोपीने बाहेर येऊन काही गैर केलं असलंच पाहिजे असं नाही. हा भेद सर्वोच्च न्यायालयाने २००१ मध्ये पूरन विरुद्ध रामबिलास या निकालात मांडला आहे. शब्द मात्र आपल्याकडे आधीपासून तयार होते! कोशकार दोन्ही समानार्थी देतात, देऊ द्यात.

आणि गोरेगावकर, तुमचा मूळ प्रश्न १९७८ मध्येच सुटला आहे. संजय गांधींच्या प्रकरणात सरन्यायाधीश यशवंत चंद्रचूडांनी लिहिलं की जामीन नाकारणं ही एक गोष्ट आणि दिलेला काढून घेणं ही अगदी वेगळी. साक्षीदार फिरवल्याच्या कारणावरून तेव्हा जामीन रद्द झाला, तोही एका महिन्यापुरता.

शिवाय हमी घेतलेला माणूसही कोर्टात अर्ज करून मोकळा होऊ शकतो. मग आरोपीने नवा जामीन आणावा, नाहीतर आत जावं. तिथे ना काही फेटाळलं, ना रद्द झालं. तिथे जामीन आपल्या पायांनी घरी गेला.