‘बाईं’ची अठरा वर्षं आणि विगनचा शॉन एडवर्ड्स

“मॅडम, अठरा वर्षं पाण्यात गेली हो.”

हे वाक्य मी इतक्या जणांकडून ऐकलंय की हल्ली समोरच्यानं नुसता उसासा टाकला तरी पुढचं कळतं. आकडा तेवढा बदलतो. कुणाची बारा, कुणाची पंचवीस. बँकेतली अधिकारी नवऱ्याच्या बदलीमागं इंग्लंडला येते आणि घरी बसते. चांगली वकिली चालणारा माणूस इथं गोदामात रात्रपाळी करतो. सगळ्यांचं दुखणं एकच: जे येतं त्याला इथं कुणी विचारत नाही, आणि ज्याला विचारतात ते येत नाही.

मी उत्तर इंग्लंडात, विगन गावात राहते आणि समुपदेशनाचं काम करते. मराठी माणसांशी मराठीतच बोलते. नोकरीची मुलाखत परक्या भाषेत देता येते, रडणं तेवढं जमत नाही.

आज ज्यांच्याबद्दल लिहितेय त्यांची परवानगी घेतली आहे, आणि ओळख पटेल असे तपशील बदलले आहेत. त्यांना आपण ‘बाई’ म्हणू, कारण गावाकडच्या शाळेत सगळे त्यांना तेच म्हणायचे. अठरा वर्षं मराठी शिकवलं. आता इथल्या एका प्राथमिक शाळेत जेवणाच्या सुट्टीत मुलांवर लक्ष ठेवायचं काम करतात, रोज सव्वा तास. पहिल्याच भेटीत म्हणाल्या, “घंटा झाली की मुलं वर्गात जातात आणि मी घरी. अठरा वर्षं घंटेनंतर मी वर्गात जायचे, मॅडम.”

यावर मी काहीच बोलले नाही. काही वाक्यांना उत्तर द्यायचं नसतं.

तिसऱ्या भेटीत मात्र माझ्याकडून चूक झाली. मी त्यांना शॉन एडवर्ड्सची गोष्ट सांगितली, आणि चुकीच्या टोकाकडून सांगितली.

विगनमध्ये राहून रग्बी लीग (रग्बीच्या दोन शाखांपैकी एक; दुसरी युनियन) न कळणं म्हणजे पंढरपुरात राहून एकादशी न कळणं. एडवर्ड्स इथलाच, १९६६ चा जन्म. वडीलही लीगचे खेळाडू, पण पाठीच्या दुखापतीनं त्यांचा खेळ तरुणपणीच थांबला. मुलानं शाळकरी वयात इंग्लंडच्या लीग आणि युनियन अशा दोन्ही संघांचं नेतृत्व केलं, आणि १९८३ मध्ये, सतराव्या वाढदिवशी, विगनशी करार केला. १९८८ ते १९९५ अशी सलग आठ वर्षं विगननं चॅलेंज कप, म्हणजे लीगचा मानाचा करंडक, जिंकला आणि आठही अंतिम सामन्यांत तो होता. १९९० च्या अंतिम सामन्यात तर गालाचं हाड मोडलं तरी खेळत राहिला. २००० मध्ये खेळणं थांबवलं आणि २००१ मध्ये लंडनच्या वॉस्प्स संघाकडे प्रशिक्षक म्हणून गेला. हा संघ युनियनचा. म्हणजे दुसऱ्याच खेळाचा.

मी अगदी रंगात येऊन सांगत होते. बाईंनी शांतपणे ऐकून घेतलं आणि म्हणाल्या, “म्हणजे आठ वेळा जिंकलेल्या माणसाला कुणीतरी काम दिलं. यात नवल ते काय? माझ्याकडे एकही कप नाही.”

बरोबर होतं त्यांचं. खचलेल्या माणसाला विजेत्याची गोष्ट सांगणं म्हणजे उपाशी माणसाला दुसऱ्याच्या लग्नातल्या पंगतीचं वर्णन ऐकवणं. हे मला माहीत असायला हवं होतं. माहीत होतंही, पण आपलं गाव आलं की तोल जातो.

पुढच्या वेळी मी करंडक घरी ठेवले आणि दोन धावफलक घेऊन गेले.

त्याआधी थोडं मागं जावं लागेल. एकाच खेळाच्या या दोन शाखा का झाल्या, तर मजुरीमुळं. उत्तरेतले खेळाडू खाणीत आणि गिरण्यांत राबणारे. शनिवारी सामना खेळला तर त्या दिवसाचा पगार बुडायचा. ती भरपाई द्यायला खेळाचे दक्षिणेतले कारभारी तयार नव्हते. २९ ऑगस्ट १८९५ ला हडर्सफील्डच्या जॉर्ज हॉटेलात उत्तरेतले क्लब बाहेर पडले, आणि त्यातून पुढं लीग उभी राहिली. तेरा खेळाडू, वेगळे नियम. युनियन पंधरा जणांचीच राहिली, आणि पुढची शंभर वर्षं खेळाडूला उघडपणे पैसे देणं तिथं निषिद्ध होतं. लीगमध्ये गेलेल्याला युनियनचं दार बंद. हा सोवळ्याचा कारभार १९९५ मध्ये संपला, आणि पुढच्याच मे महिन्यात लीगच्या विगननं आणि युनियनच्या बाथनं, म्हणजे दोन्हीकडच्या बलाढ्य संघांनी, एकमेकांशी दोन सामने खेळायचं ठरवलं. एक लीगच्या नियमांनी, एक युनियनच्या.

मी बाईंसमोर कागद ठेवला. मँचेस्टर, लीगचे नियम: विगन ८२, बाथ ६. अडीच आठवड्यांनी लंडन, युनियनचे नियम: बाथ ४४, विगन १९.

“आता सांगा, हुशार संघ कोणता?”

बाईंनी दोन्ही ओळी वाचल्या. शिक्षिकेच्या सवयीनं बोट ठेवून वाचल्या. “दोन्ही.”

“आणि ढ?”

त्या हसल्या. चार भेटींत पहिल्यांदा. “दोन्ही. ज्याच्या त्याच्या वर्गात हुशार.”

“मग विगनची माणसं त्या अडीच आठवड्यांत विसरली का सगळं?”

“विसरतील कशी? प्रश्नपत्रिका बदलली.”

‘प्रश्नपत्रिका बदलली’ हे त्यांचं वाक्य. मी ते लिहून घेतलं आणि तेव्हापासून बऱ्याच जणांना उसनं दिलंय. मी ज्या परंपरेत शिकले तिथं घडलेली गोष्ट आणि आपण तिच्यावर दिलेला निकाल या दोन वेगळ्या चिमट्यांनी उचलायला शिकवतात. ‘माझ्या मराठीला इथं नोकरी नाही’ ही घडलेली गोष्ट. ‘अठरा वर्षं पाण्यात गेली’ हा निकाल, आणि तो देणारे न्यायाधीश आपणच. वरच्या कोर्टात जाता येतं हेच माणूस विसरतो.

पण एवढ्यानं पोट भरत नाही. बाई तशा सोडणाऱ्या नव्हत्याच. “ठीक आहे, मी ढ नाही. पण मला इथं कोण बोलावणार? त्या एडवर्ड्सला का बोलावलं?”

हा खरा प्रश्न. त्याचं उत्तर करंडकांत नाही, खेळाच्या रचनेत आहे.

लीगमध्ये चेंडू ज्यांच्याकडे असतो त्यांना सहा वेळा पाडून घ्यायची मुभा असते. पाडलं की चेंडूसाठी जमिनीवर झोंबाझोंबी नाही. पडलेला उठतो, चेंडू मागं सरकवतो, आणि तोवर बचाव करणारे दहा मीटर मागं जाऊन पुन्हा एका रांगेत उभे. पुन्हा पुढं धावायचं, पाडायचं, मागं यायचं. सामनाभर हेच. त्यामुळं सगळी रांग एकदम उठून पुढं जाणं, शेजाऱ्याच्या खांद्याला खांदा ठेवणं, मधे फट न पडू देणं, हे लीगवाल्याला रोजच्या भाजीभाकरीसारखं. युनियनमध्ये प्रत्येक पाडापाडीनंतर निम्मी माणसं चेंडूवरच्या ढिगाऱ्यात अडकतात, आणि रांगेचा बचाव हा तिथं कुणी स्वतंत्र विषयच मानला नव्हता. पैसा आला, खेळ पूर्णवेळ झाला, तेव्हा युनियनवाल्यांना कळलं की आपल्याकडे या विषयाचे मास्तरच नाहीत. मास्तर होते उत्तरेत, ज्यांना शंभर वर्षं दाराबाहेर ठेवलं होतं. एडवर्ड्सच्या आधी फिल लार्डर नावाचा लीगचा माणूस इंग्लंडच्या युनियन संघाकडे बचाव शिकवायला गेला होता, आणि २००३ चा विश्वचषक त्या संघानं जिंकला.

एडवर्ड्सला स्क्रम, म्हणजे दोन्ही संघांच्या गड्यांची एकमेकांना भिडून रेटारेटी, शिकवता येत होता का? लाइनआउट, म्हणजे बाहेर गेलेला चेंडू आत फेकल्यावर रांगेतून उंच झेलणं? ते लीगमध्ये एक तर नावापुरतं उरलंय किंवा नाहीच. ते तिथले लोक बघत होते. त्यानं आणली ती आपली रांग. वॉस्प्सचे खेळाडू थांबून वाट बघण्याऐवजी एकसाथ अंगावर धावून जाऊ लागले. २००८ मध्ये तो वेल्सकडे गेला. त्या वर्षीच्या सिक्स नेशन्समध्ये, म्हणजे युरोपातल्या सहा देशांच्या युनियन स्पर्धेत, पाच सामन्यांत मिळून वेल्सविरुद्ध फक्त दोन ट्राय (चेंडू समोरच्यांच्या गोलरेषेपलीकडे टेकवणं) झाले, आणि पाचही सामने वेल्सनं जिंकले.

“बाई,” मी म्हटलं, “त्याच्या गावात जे सगळ्यांनाच येत होतं, ते तिकडे कुणालाच येत नव्हतं. तुमच्या गावात सगळ्यांनाच येणारं असं तुम्हाला काय येतं?”

हा प्रश्न साधा दिसतो. तो असा विचारायला मला बरीच वर्षं लागली, एवढं आत्मस्तुतीचा दोष पत्करून सांगते. ‘तुमची बलस्थानं सांगा’ म्हटलं की माणूस गप्प होतो किंवा अर्जातली वाक्यं म्हणायला लागतो. आपलं खरं भांडवल आपल्याला दिसत नाही, कारण शेजाऱ्याकडेही तेच असतं.

बाईंनाही दिसलं नाही. “मराठी येतं. व्याकरण. फळ्यावरचं अक्षर चांगलं आहे.”

“ते राहू द्या. काल त्या सव्वा तासात मैदानावर काय दिसलं?”

“काय दिसणार? पोरं खेळत होती.” मग जरा थांबून, “एक पोरगा आहे. सात वर्षांचा. सोमवार आणि गुरुवार, सुट्टी संपायच्या जरा आधी हमखास कुणाला तरी ढकलतो. मग त्याला ऑफिसबाहेर बसवतात.”

“सोमवार आणि गुरुवारच?”

“त्या दिवशी सुट्टीनंतर त्यांचं मोठ्यानं वाचन असतं ना. त्याला वाचता येत नाही. ऑफिसबाहेर बसला की वाचावं लागत नाही.” हे त्यांनी ‘पाऊस आला की छत्री घेतात’ अशा सुरात सांगितलं.

“शाळेत कुणाला माहीत आहे हे?”

“त्यात माहीत असायचं काय, मॅडम? कुणालाही दिसेल. आमच्याकडे एका वर्गात साठ पोरं असायची. दोन-तीन अशी असायचीच. वाचनाच्या तासाला त्यांच्या पोटात दुखायचं.”

मी काही म्हटलं नाही. बाईच माझ्याकडे बघत राहिल्या. मग हळूच म्हणाल्या, “त्यांना नाही का दिसत?”

मी या व्यवसायात राहिले ती या अशा क्षणांसाठी. मी काही सांगितलं नव्हतं, फक्त बोलायचं थांबले होते. साठ पोरांच्या वर्गात अठरा वर्षं तयार झालेली नजर शेजारच्या खुर्चीत बसून स्वतःलाच पहिल्यांदा बघत होती.

त्यानंतर बाई रडल्या, आणि वेगळ्याच गोष्टीसाठी. म्हणाल्या, पण कविता कुणाला शिकवू? तेही खरं होतं. जे सोबत आणता येत नाही ते येत नाही. मराठीचा तास इथं नाही, आणि त्याचं दुःख ‘सकारात्मक विचार करा’ म्हणून पुसून टाकायचा मला अधिकार नाही. दोन भेटी आम्ही त्यावरच घालवल्या. लोक घाई करतात ती इथं. नवं दार दिसलं की जुन्या घराचा शोक उरकून टाकतात, मग तो सहा महिन्यांनी पाठदुखी होऊन येतो.

दार कसलं निवडायचं यावरही आमचं बरंच बोलणं झालं. वेल्स आणि फ्रान्स, दोन्हीकडे एडवर्ड्सचं खातं एकच, बचाव. इतकं नाव असलेला माणूस वर्षानुवर्षं दुसऱ्याच्या हाताखाली एक खातं सांभाळतो, हे आपल्याकडच्या ‘हेड झालात का?’ विचारणाऱ्या नातेवाइकांना पचणार नाही. २०१८ मध्ये तर जाहीर झालं होतं की तो विगनला मुख्य प्रशिक्षक म्हणून परत येणार. गाव खूश. तो आला नाही, फ्रान्सला गेला, आणि २०२२ मध्ये फ्रान्सनं ग्रँड स्लॅम मारला, म्हणजे सिक्स नेशन्सचे पाचही सामने जिंकले. परत जाण्याचं वचन आपण गावाला देतो की स्वतःला, हे एकदा तपासून बघावं. मी स्वतः अजून तपासतेय.

आणि ज्यांना घाई आहे त्यांच्यासाठी याच गावचा अँडी फॅरेल. २००५ मध्ये तिशीच्या उंबरठ्यावर तो खेळाडू म्हणूनच युनियनमध्ये गेला. दुखापतींनी बेजार, इंग्लंडकडून सामने मिळाले आठ. पुढं इंग्लंडचा सहायक प्रशिक्षक झाला, तर २०१५ च्या घरच्या विश्वचषकात संघ गटातच बाद झाला आणि ते कामही गेलं. मग आयर्लंडकडे बचाव शिकवला, तिथंच मुख्य प्रशिक्षक झाला, २०२३ चा ग्रँड स्लॅम आणि २०२५ मध्ये लायन्सबरोबर (ब्रिटन आणि आयर्लंडच्या खेळाडूंचा एकत्रित संघ) ऑस्ट्रेलियात मालिका जिंकला. २००५ ते २०२३ किती होतात, हे मी बाईंना मोजायला सांगितलं. त्यांनी मोजलं आणि माझ्याकडे रागानं बघितलं.

बाई जिथं मेथी मिळत नाही म्हणून करवादतात ते टेस्को म्हणजे विगनचं जुनं मैदान, सेंट्रल पार्क. १९९९ मध्ये पाडलं. एडवर्ड्स तिथंच खेळायचा. हे कळल्यावर त्या एकदा तिथल्या पार्किंगमध्ये पिशव्या घेऊन उगाच पाच मिनिटं उभ्या राहिल्या म्हणे.

त्या मुलाचं शाळेला सांगायला त्यांनी तीन आठवडे घेतले. इंग्रजी अडखळेल म्हणून एका कागदावर लिहून नेलं, चांगल्या अक्षरात. आता सुट्टीच्या कामानंतर आठवड्यातून दोन दिवस, अर्धा-अर्धा तास, अशा चार मुलांशेजारी बसायला त्यांना बोलावतात. पगारात फारसा फरक नाही. मुलं ‘मिस’ म्हणतात.

मागच्या भेटीत आल्या त्या तणतणतच. “मॅडम, ‘नाइट’ म्हणजे सरदार, त्याच्या आधी ‘के’ कशाला लिहितात हो? त्या पोरानं विचारलं. मी म्हटलं, बाळा, मलाही नाही माहीत. तर कसला खूश झाला!”