ड्राफ्टमध्ये (एनएफएल या अमेरिकन फुटबॉल लीगमधली नवोदितांची निवड) कुणीच न घेतलेला पिट्सबर्ग स्टीलर्सचा बचावपटू जेम्स हॅरिसन एवढा मोठा कसा झाला? आणि सुपर बोलमधली (लीगच्या अंतिम सामन्यातली) ती १०० यार्डांची धाव निव्वळ नशीबच होतं ना?

नशिबाचं आधी बोलतो. हा वाद दर फेब्रुवारीत कुणी ना कुणी उकरून काढतोच, आणि काढणाऱ्याने फक्त धाव पाहिलेली असते, त्याआधीचे दोन सेकंद नाही.

१ फेब्रुवारी २००९, टॅम्पा. स्टीलर्स १०–७ ने पुढे, पण चेंडू ॲरिझोना कार्डिनल्सकडे, गोल लाइनपासून एक यार्डावर, फर्स्ट अँड गोल (म्हणजे तिथून पहिलाच प्रयत्न). हाफ संपायला १८ सेकंद. स्टीलर्सचे बचाव प्रशिक्षक डिक लेबोंनी ब्लिट्झ सांगितली होती, म्हणजे जादा माणसांनी क्वार्टरबॅकवर, चेंडू फेकणाऱ्यावर, धावून जायचं. हॅरिसनने सरळ क्वार्टरबॅकवर घुसायचं, एवढंच त्याचं काम. त्याने ते केलं नाही. घुसतोय असं दाखवलं आणि तिथूनच मागे सरकून आत, गोल लाइनजवळ जाऊन उभा राहिला. का? एक यार्डावर, एवढा कमी वेळ उरलेला असताना ब्लिट्झ दिसली की क्वार्टरबॅक चेंडू झटक्यात सोडणार. कितीही जोरात घुसलात तरी पोहोचेपर्यंत चेंडू गेलेला असतो. मग घुसण्यापेक्षा चेंडू जिथून जाणार तिथे उभं राहिलेलं बरं, आणि अशा वेळी तो बहुतेक स्लँटवरच, म्हणजे तिरका आत वळणाऱ्या रिसीव्हरकडेच, जातो. कार्डिनल्सचा रिसीव्हर ॲन्क्वान बोल्डिन आत वळला. क्वार्टरबॅक कर्ट वॉर्नरच्या हिशोबात हॅरिसन ब्लिट्झला येणाऱ्यांत होता, त्यामुळे मागे सरकलेला हॅरिसन त्याला दिसलाच नाही. बोल्डिनसाठी फेकलेला चेंडू हॅरिसनने मधेच पकडला, म्हणजे इंटरसेप्शन, आणि तो दुसऱ्या टोकाकडे धावत सुटला.

यात जोखीम मोठी होती. बोल्डिन कोपऱ्याकडे गेला असता, तर हॅरिसन नको त्या जागी उभा, घुसणाऱ्यांत एक माणूस कमी आणि वॉर्नरला वेळच वेळ. दुसऱ्या दिवशी सगळ्यांनी त्यालाच धारेवर धरलं असतं. सांगितलेलं काम सोडून स्वतःच्या अंदाजावर खेळणं आणि तो अंदाज बरोबर निघणं याला वाचन म्हणतात.

नशीब शोधायचंच असेल तर पुढच्या १०० यार्डांत शोधा. तिथे ते आहे. पाठलाग करणारा लॅरी फिट्झजेराल्ड साइडलाइनच्या बाहेरून धावत होता आणि वाटेत कडेला उभ्या असलेल्या स्वतःच्याच सहकाऱ्याला, अँट्रेल रोलला, अडखळला. तरीही शेवटी त्याने आणि स्टीव्ह ब्रेस्टनने हॅरिसनला गोल लाइनवरच गाठलं. घड्याळ शून्यावर. रिप्ले पाहून टचडाउन कायम झाला. १४–१० ने मागे पडायच्या ऐवजी स्टीलर्स १७–७ ने पुढे. सामना संपला २७–२३. चार गुणांच्या सामन्यात चौदा गुणांची उलटापालट त्या एका चेंडूवर झाली.

आता 'कसा झाला' याकडे. सुरुवातीचा भाग लोक उगाच रंगवून सांगतात. २००२ मध्ये केंट स्टेटमधून आला, ड्राफ्टमध्ये नाव नाही, स्टीलर्सनी घेतलं आणि एकापेक्षा जास्त वेळा काढलं. बाल्टिमोर रेव्हन्सनीही काढलं, मध्ये युरोपात ऱ्हाइन फायरकडून खेळला. ताकद तेव्हाही होती, प्लेबुक (संघाच्या डावपेचांची वही) पाठ नव्हतं. म्हणून काढत होते. २००४ च्या कॅम्पआधी स्टीलर्सच्या क्लार्क हॅगन्सचा हात दुखावला आणि जागा रिकामी झाली. नियमित स्थान मिळालं ते थेट २००७ मध्ये, त्या जागेवरचा जोई पोर्टर संघ सोडून गेल्यावर. तोपर्यंत मुख्यतः स्पेशल टीम्स (चेंडूला लाथ मारायच्या खेळींपुरती तुकडी). त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये, ज्यांनी काढलं त्याच रेव्हन्सविरुद्ध साडेतीन सॅक (चेंडू फेकण्याआधीच क्वार्टरबॅकला पाडणं), तीन फोर्स्ड फंबल (समोरच्याच्या हातून चेंडू पाडणं) आणि एक इंटरसेप्शन. २००८ मध्ये १६ सॅक, सात फोर्स्ड फंबल आणि लीगचा सर्वोत्तम बचावपटू. हा मान मिळवणारा पहिला अनड्राफ्टेड खेळाडू.

उंची जेमतेम सहा फूट, वजन २४२ पौंड. समोर साडेसहा फुटांच्या आसपासचे लांब हातांचे टॅकल, म्हणजे क्वार्टरबॅकला राखणारे. पुस्तकाप्रमाणे तो मार खायला हवा होता, पण कमी उंची त्याने कामाला लावली. आधी बुल रश: हात समोरच्याच्या छातीवर, काखेच्या आतल्या बाजूने, आणि खालून वर उचल. उंच माणूस एकदा टाचांवर गेला की संपला. दोन-तीनदा हे झालं की टॅकल पुढे झुकून बसतो, आणि मग बाहेरून रिप: आतला, म्हणजे डावा हात टॅकलच्या काखेखालून वर, खांदा खाली, कंबर वळवून थेट क्वार्टरबॅकच्या दिशेने. बाकीचे रिप लवकर मारतात आणि लांब हाताचा धक्का बरगडीत खातात. किंवा कंबर वळवत नाहीत आणि क्वार्टरबॅकच्या मागून भलतीकडे निघून जातात. हॅरिसन आधी टॅकलच्या खांद्याला खांदा भिडवायचा, मग हात वर न्यायचा.

'त्याला सतत होल्ड करायचे (नियमाबाहेर धरून ठेवायचे), पंच बघत नव्हते' ही स्टीलर्सवाल्यांची तक्रार अर्धीच खरी. नियमातच आहे: रिपमुळे टॅकलचा हात गळ्याभोवती गेल्यासारखा दिसत असेल तर ते होल्डिंग धरत नाहीत. रिपवर जगणाऱ्या खेळाडूला ही किंमत मोजावीच लागते.

मात्र जानेवारी २०१७ मध्ये होल्डिंगचा फ्लॅग पडला, म्हणजे पंचांनी शिक्षा दिली. कॅन्सस सिटीत प्लेऑफ, स्टीलर्स १८–१६ ने पुढे, यजमान चीफ्सनी टचडाउननंतरचा दोन गुणांचा प्रयत्न यशस्वी करून बरोबरी साधली होती. पण त्यांच्या एरिक फिशरने हॅरिसनला धरलं होतं. गुण रद्द, चेंडू दहा यार्ड मागे, दुसरा प्रयत्न फसला. हॅरिसन तेव्हा ३८ वर्षांचा होता. चीफ्सचा ट्रॅव्हिस केल्सी पंचांवर भडकला, पण रिप्लेमध्ये फिशरचा हात स्पष्ट दिसतो.

एक मान्य करतो. त्याच सुपर बोलमध्ये चौथ्या क्वार्टरला त्याने पंटवर (चेंडू लाथेने दूर मारायच्या खेळीत) कार्डिनल्सच्या ॲरन फ्रान्सिस्कोला खाली पाडून ठोसे लगावले, तेव्हा मैदानाबाहेर काढला असता तरी तक्रारीला जागा नव्हती. २०१० मध्ये मोहम्मद मासाक्वाला दिलेल्या धडकेबद्दल ७५,००० डॉलरचा दंड झाला, तो जास्त होता असं माझं मत. पण २०११ मध्ये कोल्ट मकॉयवर हेल्मेटने मारलेल्या धडकेसाठी एका सामन्याची बंदी आली, ती योग्यच होती. आणि २०१७ च्या डिसेंबरमध्ये स्टीलर्सनी सोडल्यावर तो पेट्रियट्सकडे गेला म्हणून चिडणाऱ्यांनी हे लक्षात घ्यावं की संघाने त्याला आधी बाकावर बसवलं होतं. तिथल्या शेवटच्या साखळी सामन्यातही जेट्सविरुद्ध दोन सॅक काढले. कारकिर्दीत एकूण ८४.५ सॅक, त्यातले ८०.५ स्टीलर्ससाठी.

प्रश्नाचा गाभा 'ड्राफ्ट न होता जमतं का' असा असेल, तर जमतं, पण आधी प्लेबुक पाठ आणि स्पेशल टीम्समध्ये जागा पक्की. नशीब म्हणणाऱ्याशी वाद घालू नका. त्याला इंटरसेप्शनचा व्हिडिओ लावून द्या, वॉर्नर चेंडू सोडतो त्या क्षणी थांबवा आणि हॅरिसनचा ९२ नंबर कुठे उभा आहे ते विचारा.