डिशवॉशरच्या जाळीवरचा गंज
जाळीत ताटे उभी धरणाऱ्या खुंट्यांच्या दोन-चार टोकांनाच गंज धरला असेल, तर नवी जाळी मागवण्याची घाई करू नका. आतल्या पोलादी तारेवर व्हिनाइल किंवा नायलॉनचे आवरण असते. ते टोकाशी फाटले की पाणी आत शिरते आणि गंज आवरणाखालून पुढे सरकत राहतो, त्यामुळे नुसता वरून रंग फासणाऱ्याची मेहनत वाया जाते (माझीही एकदा गेली). म्हणून सुटलेले आवरण चांगली तार दिसेपर्यंत ब्लेडने काढावे, पॉलिश पेपरने तार चकचकीत होईपर्यंत घासावी आणि जाळी पूर्ण वाळवावी. या कामाला आपल्या विदर्भातले मे महिन्याचे ऊन उत्तम. श्रावणात मात्र हे काम काढू नये. नंतर जाळीसाठीच मिळणारा दुरुस्तीचा लेप दोन पातळ थरांत द्यावा आणि निदान 24 तास यंत्र बंद ठेवावे. दारांचा ऑइलपेंट गरम पाण्यात सुटून ताटांना लागतो, तो नकोच. बोअरच्या जड पाण्यामुळे आपल्याकडे यंत्रात पाणी मऊ करण्यासाठीचे मीठ वारंवार भरावे लागते. ते सांडले तर लगेच एक धुणे चालवावे, कारण साचलेले मीठ गंज वाढवते. तारच झिजून तुटू लागली असेल, तर जाळी बदलावी.