सगळं व्यवस्थित असूनही आयुष्य निरर्थक आणि कंटाळवाणं वाटतं. अर्थ शोधायचा कसा?

'छंद जोपासा, फिरून या' अशी उत्तरं तुम्हाला भरपूर मिळतील. मला त्यांची चीड येते. ज्याला छंदांचाच वीट आलाय त्याने ते जोपासायचे कसे?

माझंही सगळं व्यवस्थित होतं. तरी रविवारी दुपारची जेवणं उरकली की नको नको व्हायचं. आठवड्याची धावपळ थांबली की आतलं रितेपण वर येतं, असं व्हिक्टर फ्रँकल या व्हिएन्नाच्या मानसोपचारतज्ज्ञाने नोंदवलंय. दादाचं निदान वेगळं होतं: "सुख बोचतंय तुला."

मग ओळखीच्या एका बाईंनी अंध विद्यार्थ्यांसाठी पुस्तकं रेकॉर्ड करायला बोलावलं. नाही म्हणवेना म्हणून गेले. वाट्याला विज्ञान आलं, भिंगांचा धडा. मजकूर भराभर वाचून झाला, गाडी अडली आकृतीपाशी. 'आकृती पाहा' म्हणून पुढे सरकायची सोय नव्हती. शेवटी असं जमलं: "मध्ये उभं भिंग, पोटाशी जाड, कडांना निमुळतं. डावीकडून तीन आडवे, समांतर किरण येतात. वरचा खाली वळतो, खालचा वर, मधला सरळ जातो. तिघे पलीकडे एका बिंदूत मिळतात." एवढ्याला अख्खी संध्याकाळ गेली, पण घड्याळाकडे लक्षच गेलं नाही. काही दिवसांनी ऐकणाऱ्या एका मुलीने विचारलं, "मधला का वळत नाही?" उत्तरासाठी मी पुन्हा पुस्तक उघडलं. तो किरण भिंगावर काटकोनात पडतो, म्हणून. हे कुणाला तरी नीट सांगायचंय, या ओढीने तो आठवडा गेला.

अर्थ डोक्यात शोधून सापडतो यावर माझा विश्वास नाही. कुणीतरी आपल्या कामाची वाट बघत असावं लागतं. तुम्हाला कुठलं काम सापडेल ते मी कसं सांगू?

दादा म्हणाला, "हाही टाइमपासच." त्याच्या लेखी कंटाळा म्हणजे चोचले. २०१४ साली व्हर्जिनिया विद्यापीठातल्या संशोधकांनी लोकांना १५ मिनिटं नुसतं विचार करत एकटं बसवलं. शेजारी विजेचा झटका देणारं बटण होतं. १८ पुरुषांपैकी १२ जणांनी ते स्वतःवर दाबलं. रितं बसणं इतकं जड जात असेल तर त्याला चोचले कोण म्हणेल?

हो, एक राहिलं. दोन आठवड्यांहून जास्त झोप-भूक बिघडली असेल, कशातच मन लागत नसेल किंवा मरणाचे विचार येत असतील, तर आधी मानसोपचारतज्ज्ञाकडे जा. मरणाचे विचार असतील तर आजच. आणि घरातलं कुणी 'सुख बोचतंय' म्हणालं, तर त्यांची परवानगी मागत बसू नका. मी दादाला पटवण्यात फार वेळ घालवला. त्याला अजून पटलेलं नाही, आणि माझं रेकॉर्डिंग चालू आहे.