‘कंपोस्टेबल’ लिहिलेल्या प्लेटा उकिरड्यावर टाकल्या तर कुजतात का?

महाप्रसादानंतरच्या प्लेटांचं विचारलंत, तर आधी त्या कशाच्या आहेत ते बघा. पळसाच्या पत्रावळी, उसाच्या चिपाडाच्या प्लेटा बिनधास्त खताच्या खड्ड्यात टाका. फक्त फाडून, ओल्या करून, शेणकाला शिंपडून वर कुटाराचा थर द्या. कोरड्या ढिगात त्या तशाच पडून राहतात. आतला चकचकीत पापुद्रा नखानं सोलून निघाला, तर ते बहुधा प्लास्टिकचं अस्तर, खतात नकोच. ‘पीएलए’च्या, म्हणजे मका-उसासारख्या पिकांपासून केलेल्या प्लास्टिकच्या, पारदर्शक ग्लासांना मात्र कुजायला 58-60 अंशांची उष्णता सतत लागते, ती आपल्या उकिरड्यात टिकत नाही. असे ग्लास गावात आणूच नका, स्टीलचे बरे. आणि कृपा करून उष्ट्या प्लेटा उघड्यावर टाकू नका; अन्नाच्या वासानं गाईगुरं त्या अस्तरासकट खातात.