लेकीला डबिंग कलाकार व्हायचंय, पण एआयचं काय?

ताई,

तुमची लेक बारावीला कला शाखेत आहे, वक्तृत्वाच्या बक्षिसांनी घरातलं कपाट भरलंय आणि तिला डबिंग कलाकार व्हायचंय. एक ऑनलाइन क्लास तीन महिन्यांच्या प्रमाणपत्राचे साठ हजार मागतोय, आणि तिचे मामा म्हणतात, आवाज आता एआयच काढतो, माणसाला कोण विचारतंय?

मामांचं निम्मं खरं आहे. फोनवरची ‘मराठीसाठी एक दाबा’वाली बाई, कंपन्यांचे माहितीपट, स्वस्तातल्या जाहिराती ही कामं मशीनकडे चालली आहेत. नवी मुलं शिकायची ती याच कामांवर, खरी पंचाईत ती आहे.

सिनेमाचं डबिंग मात्र इतक्या सहज हातचं जाणार नाही. ‘प’, ‘ब’, ‘म’ म्हणताना पडद्यावरच्या नटाचे ओठ मिटतात. तिथे आपल्या वाक्यातही ओठ मिटणारं अक्षर यावं लागतं, नाहीतर बघणाऱ्याला खटकतं. संवादलेखक ते जमवून देतो, तरी माइकसमोर ऐनवेळी एखादा शब्द फिरवावा लागतो, धाप लागली तर तीही नटाच्याच मापाने. ओठ जुळवून देणारं सॉफ्टवेअरही आलंय, पण भूमिका समजून बोलायला अजून नटच लागतो. ‘पुष्पा’च्या हिंदी आवृत्तीत अल्लू अर्जुनला आवाज दिला तो आपल्या श्रेयस तळपदेने, आणि तो मुळात अभिनेता. चांगला आवाज पुष्कळांकडे असतो हो!

म्हणून क्लास नको. पुणे विद्यापीठाच्या ललित कला केंद्रात नाट्यशास्त्राची पदवी करता येते, त्याची प्रवेशप्रक्रिया आत्ताच पाहून ठेवा. नाही जमलं तर मराठी घेऊन बीए आणि जोडीला कॉलेजच्या एकांकिका. तुमच्या बार्शीहून सोलापूर आकाशवाणी जवळच आहे. पदवीनंतर तिथल्या प्रासंगिक उद्घोषकांच्या, म्हणजे गरजेपुरत्या बोलावल्या जाणाऱ्या निवेदकांच्या, जाहिरातीवर नजर ठेवा. हिंदी पक्की हवीच.

आणखी एक. पहिलं काम मिळालं की करारपत्र नीट वाचा. ‘आवाजाचे सर्व हक्क, सर्व माध्यमांसाठी, कायमचे’ असं काही दिसलं तर सही करू नका; त्या रेकॉर्डिंगवरून तिचा कृत्रिम आवाज बनवायला ते पुरेसं ठरू शकतं. 2024 मध्ये ए. आर. रहमान यांनी दोन दिवंगत गायकांचे आवाज एआयने एका तमिळ गाण्यात वापरले, तेही घरच्यांची परवानगी घेऊन आणि मोबदला देऊन. त्याच वर्षी अरिजित सिंगच्या आवाजाची एआय नक्कल मुंबई उच्च न्यायालयाने रोखली. नवख्या मुलीला कोर्टाची पायरी परवडत नाही, म्हणून आधीच सावध.

क्लासवाले ‘आजच भरा, सवलत संपतेय’ म्हणाले तर खुशाल फोन ठेवून द्या.