कातोनावर लिहायला बसण्यापूर्वी

प्रिय,

अनेक आशीर्वाद.

हंगेरीचा नाटककार कातोना योझेफ याच्यावर लेख लिहायचं ठरवलंस, फार बरं वाटलं. पण आराखड्याच्या पहिल्याच ओळीतलं ‘उपेक्षित प्रतिभावंत’ आधी खोडून टाक. उपेक्षा कशी झाली ते तारखांनिशी सांग, म्हणजे विशेषण लागणार नाही.

जन्म 1791, केचकेमेट गावात, विणकराच्या घरी. पेश्तमध्ये (आजच्या बुडापेस्टचा भाग) कायद्याचा अभ्यास आणि सोबत रंगभूमीवर नट म्हणून काम. एवढं चार ओळींत आटप. खरी गोष्ट कोलोझवारच्या (आजचं रुमानियातलं क्लुज) नाट्यस्पर्धेपासून सुरू होते. ‘बांक बान’ हे त्याचं नाटक तिच्यासाठीच लिहिलं होतं; बांक नावाचा सरदार राणी गेरत्रूडिसला मारतो, त्याची ही गोष्ट. 1818 साली निकाल लागला आणि त्यात या नाटकाचा साधा उल्लेखही नव्हता. बारान्य बोल्दिझार या मित्राने नाटकावर सविस्तर टीका लिहिली होती, तिचं नाव ‘रोश्ता’, म्हणजे चाळण. 1819 मध्ये कातोनाने नाटक नव्याने लिहिलं. दोन्ही खर्डे शेजारी ठेवून वाच. त्या चाळणीतून काय गळलं, काय उरलं, ते पाहिल्याशिवाय त्याच्या कारागिरीबद्दल एक वाक्यही लिहू नकोस.

पुढचा मुद्दा सेन्सॉरचा, इथे बहुतेकांची गल्लत होते. नाटकावर सरसकट बंदी नव्हती. छापायला परवानगी मिळाली, प्रयोगाला नाही. राणीचा खून कागदावर चालला, रंगमंचावर चालला नाही. पुस्तक 1820 च्या अखेरीस बाहेर आलं, पण त्यावर साल 1821 आहे. दोन्ही आकडे दे, नाहीतर वाचक तुलाच चूक धरेल. पहिला प्रयोग कॉश्शा (आजचं कोशित्से) इथे 1833 मध्ये झाला. कातोना 1830 मध्येच वारला होता; तेव्हा तो केचकेमेटचा सरकारी वकील होता.

‘बान’ हे आडनाव नाही, प्रांताधिकाऱ्याचा हुद्दा आहे. ‘हझाम, हझाम’ हे गाजलेलं गाणं कातोनाचं नाही, याच नाटकावर संगीतकार एर्केलने केलेल्या 1861 च्या ऑपेरातलं आहे. त्या ऑपेराची संहिता एग्रेशी बेनीची. हे गाणं नाटकाच्या नावावर खपवलेलं लेख वाचताना फार खटकतं.

लेखाचा जीव मात्र तिसऱ्या अंकात आहे. शेतकरी तिबोर्त्स गाऱ्हाणं सांगतो: राणी संगमरवरी वाडे बांधते, आम्ही कुडाच्या झोपडीत गारठतो. समोर उभ्या बांकचं चित्त बायको मेलिंदाच्या बेअब्रूत अडकलेलं असतं. दोघे बोलत राहतात, पण बांकचे शब्द तिबोर्त्सला उत्तर देत नाहीत, बांकच्या स्वतःच्याच जखमेभोवती फिरतात. देशाचं दुःख आणि घरचं दुःख एकाच वेळी, एकमेकांना न ऐकता! हा प्रवेश निम्मा लेख खाऊ दे. 15 मार्च 1848 रोजी, क्रांतीच्या दिवशी, पेश्तच्या लोकांनी राष्ट्रीय नाट्यगृहात हेच नाटक का मागितलं, ते इथे उमगतं.

मग चौथा अंक. ‘बांकने राणीला मारलं’ एवढ्यावर थांबू नकोस. खंजीर आधी गेरत्रूडिसच उपसते, बांक तो तिच्या हातून हिसकावतो. रंगसूचना दोनदा वाच आणि मगच लिही.